शब्द, सही आणि हुकूमनामा : करारपूर्तीच्या कायद्याची प्रस्तावना

घर किंवा जमीन विकत घेण्याचा व्यवहार आपल्याकडे क्वचितच एका दिवसात पुरा होतो. आधी बोलणी होतात, मग विसार दिला जातो, विसारपावती किंवा साठेखत लिहिले जाते आणि खरेदीखताचा दिवस पुढचा ठरतो. मधल्या काळात घेणाऱ्याला बँकेचे कर्ज मंजूर करून घ्यायचे असते. देणाऱ्याला बोजा उतरवायचा असतो, वारसांची नावे लावायची असतात, मोजणी करून घ्यायची असते. याच काळात भाव वाढतो, भावाभावांत बिनसते, दुसरे गिऱ्हाईक जास्त रक्कम घेऊन येते, किंवा घेणाऱ्याचेच पैसे कुठेतरी अडकतात. मग एक जण म्हणतो, ‘ठरल्याप्रमाणे खत करून द्या’, आणि दुसरा म्हणतो, ‘तुमचा विसार परत घ्या’. या दोघांपैकी कोणाचे ऐकायचे हे ज्या कायद्याने ठरते, त्याच्या अभ्यासाला ही प्रस्तावना आहे.

विनिर्दिष्ट अनुतोष अधिनियम, 1963 हे त्या कायद्याचे अधिकृत नाव. कोर्टाच्या आवारात तो ‘स्पेसिफिक रिलीफ ॲक्ट’ म्हणूनच ओळखला जातो, आणि त्याखाली येणाऱ्या या दाव्यांना करारपूर्तीचे दावे म्हणतात. अधिनियम आकाराने लहान आहे, एका बैठकीत वाचून होतो. तरीही नव्याने येणाऱ्याला ही शाखा अवघड वाटते, कारण ती एका अधिनियमात मावत नाही. करार वैध आहे का, हे 1872 च्या करार अधिनियमात पाहावे लागते. करारामुळे मिळकतीत हक्क निर्माण होतो का, हे 1882 च्या मालमत्ता हस्तांतरण अधिनियमात. कागद पुराव्यात येईल का, हे 1908 च्या नोंदणी अधिनियमात आणि महाराष्ट्र मुद्रांक अधिनियमात. दावा कसा चालेल हे दिवाणी प्रक्रिया संहिता सांगते, आणि उशीर झाला की नाही ते मुदत अधिनियम. शेतजमीन असेल तर कुळकायदा, तुकडेबंदीचा कायदा आणि जमीन महसूल संहिताही उघडावी लागते. विद्यार्थ्यापुढे एवढे ग्रंथ एकदम ठेवले की तो बिचकतो. बिचकण्याचे कारण नाही. या सगळ्यांतून एकच सूत्र गेलेले आहे, आणि ते हाती लागले की प्रत्येक कलमाची जागा आपोआप कळू लागते.

ते सूत्र असे : न्यायालय दिलेला शब्द पाळायला लावते, पण ज्याने स्वतःचा शब्द पाळला आहे त्याच्याच मागणीवरून. बहुतेक दिवाणी दाव्यांत प्रतिवादीने काय केले किंवा काय केले नाही, यावर सारा भर असतो. करारपूर्तीच्या दाव्यात वादीच्या वागणुकीचीही तितकीच कसून तपासणी होते. साठेखतावर सही झाली त्या दिवसापासून निकालाच्या दिवसापर्यंत वादी काय करत होता, त्याच्याजवळ पैसे होते का, त्याने ते द्यायची तयारी दाखवली का, तो बोलला केव्हा आणि गप्प बसला केव्हा, हे सगळे न्यायालय पाहते. समोरच्याने करार मोडला एवढे सिद्ध करून भागत नाही. आपण तो मोडला नाही, हेही सिद्ध करावे लागते.

या कडक अटीचे मूळ इतिहासात आहे. करार मोडला की नुकसानभरपाई द्यायची, हा इंग्लंडच्या सामान्य न्यायालयांचा रिवाज होता. काही व्यवहारांत पैशाने नुकसान भरून येत नाही हे ओळखून चॅन्सरी न्यायालयाने दुसरी वाट काढली : जे कबूल केले तेच करून द्या, असा आदेश. हा आदेश हक्क म्हणून मिळत नसे. तो न्यायबुद्धीने दिला जाई, आणि म्हणून मागणाऱ्याचे हात स्वच्छ असावे लागत. हिंदुस्थानात 1877 च्या अधिनियमाने ही तत्त्वे प्रथमच कलमबद्ध केली. तो मसुदा करताना न्यूयॉर्कच्या नियोजित दिवाणी संहितेचा बराच आधार घेतला गेला होता. स्वातंत्र्यानंतर, एम. सी. सेटलवाड यांच्या अध्यक्षतेखालच्या पहिल्या विधी आयोगाने 1958 मध्ये आपल्या नवव्या अहवालात त्या अधिनियमाची छाननी केली आणि त्यातून 1963 चा आजचा अधिनियम आला. 2018 साली त्यात मूलगामी दुरुस्ती झाली. तिच्याकडे पुढे येऊच.

स्थावर मिळकतीला या कायद्यात वेगळे स्थान आहे. गव्हाचे पोते मिळाले नाही तर दुसरे विकत घेता येते आणि भावातला फरक भरपाई म्हणून मागता येतो. पण अमुक गटातली, अमुक चतुःसीमेची जमीन एकच असते. तिच्याशेजारी वादीचे शेत असेल, तिच्यात विहीर असेल, तिच्यावरून रस्ता जात असेल. म्हणून स्थावर मिळकत देण्याचा करार मोडला तर पैशाने पुरेशी भरपाई होत नाही, असे 1877 पासून 2018 पर्यंत कायदाच गृहीत धरत आला.

याच ठिकाणी नवशिक्याला एक विसंगती टोचते, आणि टोचायलाच हवी. मालमत्ता हस्तांतरण अधिनियमाचे कलम 54 स्पष्ट सांगते की विक्रीच्या नुसत्या करारामुळे मिळकतीत कोणताही हितसंबंध निर्माण होत नाही. म्हणजे साठेखत घेणारा मालक होत नाही. सर्वोच्च न्यायालयाने 2011 मध्ये कुलमुखत्यारपत्रांवर चालणाऱ्या विक्रीबद्दल निर्णय देताना हेच पुन्हा ठणकावून सांगितले. मग त्याला मिळकत मागण्याचा अधिकार कुठून आला? उत्तर असे की, त्याचा अधिकार मिळकतीवर नसून माणसावर आहे. लिहून देणाऱ्याने खत करून द्यावे, एवढेच तो मागू शकतो. कायदा मात्र या वैयक्तिक अधिकाराभोवती काही भक्कम कुंपणे घालतो. दिलेल्या रकमेपुरता घेणाऱ्याचा बोजा मिळकतीवर राहतो, तो कलम 55 मुळे. करारापोटी ताबा घेतला असेल आणि घेणारा आपला वाटा पुरा करायला तयार असेल, तर तो ताबा टिकवता येतो, ते 1929 मध्ये आलेल्या कलम 53-अ मुळे. मात्र 24 सप्टेंबर 2001 पासून या संरक्षणासाठी करार नोंदणीकृत असणे सक्तीचे झाले. ज्यांनी नोटरीपुढे केलेल्या साठेखतावर घर ताब्यात घेतले आहे, त्यांनी हे नीट समजून घ्यावे. अनोंदणीकृत साठेखतावर करारपूर्तीचा दावा लावता येतो, कारण नोंदणी अधिनियमाच्या कलम 49 चे परंतुक तशी सवलत देते. पण त्याच कागदावर ताब्याचा बचाव उभा राहत नाही. शिवाय ताबा दिला किंवा देण्याचे ठरले असेल, तर महाराष्ट्र मुद्रांक अधिनियम त्या साठेखताला खरेदीखताप्रमाणे मुद्रांक शुल्क लावतो, आणि शुल्क कमी पडले तर ते दंडासह भरल्याशिवाय कागद पुराव्यात घेतला जात नाही.

आता या शाखेच्या गाभ्याकडे. कलम 16 सांगते की आपला वाटा पुरा करण्यास आपण नेहमीच तयार आणि राजी होतो, हे जो सिद्ध करू शकत नाही, त्याला करारपूर्ती मिळणार नाही. यात दोन वेगळ्या गोष्टी आहेत. तयारी म्हणजे ऐपत : पैसे होते का, किंवा वेळेवर उभे करता आले असते का. राजीपणा म्हणजे मनोवृत्ती : पैसे असूनही तो टाळाटाळ तर करत नव्हता ना. या तत्त्वावरचा एक जुना मार्गदर्शक निकाल मुंबईच्या एका व्यवहारातून आला. आर्देशर मामा विरुद्ध फ्लोरा ससून या प्रकरणात प्रिव्ही कौन्सिलने 1928 मध्ये सांगितले की वादीची तयारी कराराच्या दिवसापासून सुनावणीपर्यंत अखंड असली पाहिजे. त्या प्रकरणात वादीने मधेच खताची मागणी सोडून फक्त भरपाई मागितली, आणि मग त्याला तीही मिळाली नाही. करार जिवंत ठेवणाऱ्यालाच पूर्तीऐवजी भरपाई मागता येते. ज्याने तो स्वतःच संपला असे मानले, त्याला या अधिनियमाचे दार बंद होते. जवळजवळ शंभर वर्षांनंतरही या निकालाचा आधार रोज घेतला जातो.

तयारी सिद्ध करायला नोटांची थप्पी कोर्टात आणून दाखवावी लागत नाही. रक्कम प्रत्यक्ष देऊ करणे किंवा न्यायालयाचा आदेश नसताना ती भरणे आवश्यक नाही, असे कलमाचे स्पष्टीकरणच म्हणते. पण नुसते ‘मी तयार होतो’ हे वाक्य पुरत नाही. बँकेचे खातेउतारे, कर्जमंजुरीचे पत्र, मोडलेली मुदतठेव, आयकर विवरण, मुदतीच्या आत पाठवलेली नोटीस, दुय्यम निबंधकाच्या कचेरीत ठरलेल्या दिवशी हजर राहिल्याची नोंद, असा पुरावा लागतो. तरुण वकिलाने अशिलाकडून पहिल्या भेटीत साठेखत मागावे आणि त्याच वेळी पासबुकही मागावे. दाव्याचा बराचसा निकाल त्या पासबुकात आधीच लिहिलेला असतो.

दुसरा मोठा प्रश्न वेळेचा. स्थावर मिळकतीच्या विक्रीत वेळ हा कराराचा प्राण आहे असे सहसा मानले जात नाही. ठरलेला दिवस चुकला म्हणून करार आपोआप संपत नाही. चांद राणी विरुद्ध कमल राणी या दिल्लीतल्या घराच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने हे गृहीतक मान्य केले, आणि त्याच निकालात त्याची मर्यादाही दाखवली. 1971 च्या त्या करारात 98,000 रुपये फक्त दहा दिवसांच्या आत द्यायचे, असे लिहिले होते. घेणारी बाई विक्रेत्याने आधी इतर गोष्टी पुऱ्या कराव्यात म्हणून अडून बसली. पक्षांनी वेळेला इतके महत्त्व दिले असेल तर न्यायालयही देईल, असे म्हणून तिचा दावा नामंजूर झाला. 1997 मध्ये न्या. बी. पी. जीवन रेड्डी यांनी एक पाऊल पुढे टाकले. मदुराईतल्या घराचा 60,000 रुपयांचा करार 1978 च्या डिसेंबरात झाला होता. विसार होता 5,000 रुपयांचा आणि मुदत सहा महिन्यांची. घेणारा अडीच वर्षे गप्प बसला. शहरांतल्या मिळकतींचे भाव भराभर वाढत असताना जुना नियम जशाच्या तसा लावणे अन्यायाचे होईल, असे न्यायालयाने स्पष्ट केले. छोटा विसार देऊन मिळकत अडवून ठेवायची आणि भाव वाढले की दावा लावायचा, या प्रवृत्तीला त्या निकालाने आळा घातला. दावा मुदतीत आहे एवढ्याने वादीचा उशीर माफ होत नाही, हे त्यातून शिकायचे.

भाववाढीची दुसरी बाजूही तितक्याच गांभीर्याने पाहिली पाहिजे. मुंबईतल्या एका फ्लॅटचा करार 1966 मध्ये 60,000 रुपयांना झाला आणि त्यावरचा शेवटचा निकाल सर्वोच्च न्यायालयाने 2002 मध्ये दिला. घेणारीचा दोष नव्हता, ती पहिल्यापासून तयार होती. भाव वाढले एवढ्या एका कारणाने तिला पूर्ती नाकारता येणार नाही, असे न्यायालय म्हणाले. पण छत्तीस वर्षांनी मूळ किमतीला फ्लॅट देणे विक्रेत्यावर अन्याय ठरेल, म्हणून 40 लाख रुपये वाढीव देण्याच्या अटीवर तिच्या बाजूने हुकूमनामा झाला. हे दोन निकाल शेजारी ठेवून वाचावेत. एकात वाढलेला भाव झोपलेल्या वादीच्या विरुद्ध गेला, दुसऱ्यात तो जागरूक वादीच्या आड आला नाही. वाढीव रक्कम ही न्यायालयाच्या हातातली तागडी होती.

आणि ती तागडी आता न्यायालयाच्या हातात आहे का, हाच आजचा सर्वांत जिवंत प्रश्न आहे. 2018 पर्यंत कलम 20 प्रमाणे करारपूर्ती देणे न देणे हा न्यायालयाचा स्वेच्छाधिकार होता. करार कायदेशीर असला तरी तो अमलात आणल्याने विक्रेत्यावर अनपेक्षित संकट कोसळत असेल, किंवा घेणाऱ्याने गैरफायदा घेतला असेल, तर न्यायालय नकार देऊ शकत असे. 1 ऑक्टोबर 2018 पासून लागू झालेल्या दुरुस्तीने हा स्वेच्छाधिकार काढला. कायद्याने घातलेले अपवाद सोडले तर न्यायालयाने पूर्ती दिलीच पाहिजे, असे नवे कलम 10 म्हणते. समन्स बजावल्यापासून बारा महिन्यांत आणि फार तर आणखी सहा महिन्यांत दावा निकाली काढावा, असेही नवे कलम आले. हेतू उघड होता : करार मोडणे फायद्याचे ठरू नये. जुन्या करारांना ही दुरुस्ती लागू होते का, यावर सर्वोच्च न्यायालयाने 2022 मध्ये ती पुढील काळापुरतीच असल्याचे म्हटले, आणि 2024 मध्ये फेरविचारात तो निर्णय मागे घेतला. त्यामुळे 2018 पूर्वीच्या करारावरचा दावा हाती असेल तर या प्रश्नावरचे ताजे निकाल पाहिल्याशिवाय युक्तिवाद करू नये. स्वेच्छाधिकार गेल्यावर सारा भार कलम 16 वर, म्हणजे वादीच्या तयारीवर आणि राजीपणावर आला आहे. पूर्वी जे युक्तिवाद ‘संकट’ या शीर्षकाखाली होत, ते आता वादीच्या वागणुकीच्या उलटतपासात होतील. म्हणूनच या शाखेचे मूळ सूत्र दुरुस्तीनंतर अधिकच महत्त्वाचे झाले आहे.

वाद दोघांपुरता राहिला तर सोपे. बहुधा तिसरा येतो. विक्रेत्याने तीच मिळकत दुसऱ्याला विकली तर काय? कलम 19 म्हणते की ज्याने किंमत मोजून, प्रामाणिकपणे आणि पहिल्या कराराची जाणीव नसताना ती घेतली, त्याच्याविरुद्ध पूर्ती मिळत नाही. ही जाणीव नव्हती हे त्यालाच दाखवून द्यावे लागते. साठेखत नोंदणीकृत असेल, किंवा पहिला घेणारा मिळकतीत राहत असेल, तर कायदा ती जाणीव त्याच्या माथी मारतो. अशा वेळी हुकूमनामा कसा लिहावा, हा प्रश्न न्या. विव्हियन बोस यांनी 1954 साली प्रसिद्ध झालेल्या निकालात सोडवला. नागपूरच्या उच्च न्यायालयातून सर्वोच्च न्यायालयात गेलेल्या या न्यायमूर्तींनी वेगवेगळे पर्याय तपासले आणि ठरवले की मूळ विक्रेत्याने खत करून द्यावे व नंतरच्या खरेदीदाराने त्यात सामील व्हावे, म्हणजे त्याच्याकडे गेलेला हक्क वादीकडे येईल. आजही हुकूमनाम्याचा तोच नमुना वापरतात. दावा चालू असताना होणाऱ्या विक्रीबद्दल मात्र महाराष्ट्राचे स्वतंत्र पथ्य आहे. इतर बहुतेक राज्यांत दावा दाखल असणे पुरते. जुन्या मुंबई प्रांताच्या 1939 च्या दुरुस्तीमुळे, ती लागू असलेल्या भागांत, प्रलंबित दाव्याची नोटीस दुय्यम निबंधकाकडे नोंदवली तरच हे संरक्षण मिळते. मुंबईत दावा लावून ही नोटीस न नोंदवणारा वकील अशिलाचे दार उघडे टाकून घरी जातो.

महाराष्ट्राच्या मातीतले आणखी काही प्रश्न इथे मांडले पाहिजेत. शेतजमिनीचा करार बिगरशेतकऱ्याच्या नावे असेल तर 1948 च्या कुळकायद्याचे कलम 63 आडवे येते. विदर्भ आणि मराठवाड्याला त्यांचे वेगळे कुळकायदे आहेत. जमीन भोगवटादार वर्ग-2 ची असेल तर परवानगी आणि नजराणा लागतो. आदिवासींच्या जमिनीला जमीन महसूल संहितेची कडक बंधने आहेत, आणि छोट्या तुकड्यांना 1947 चा तुकडेबंदी कायदा. परवानगी लागते म्हणून विक्रेता हात झटकू शकत नाही. सर्वोच्च न्यायालयाने 1969 मध्ये, जिनिंग कारखान्याच्या एका प्रकरणात, सांगितले की अशी परवानगी मागण्याची जबाबदारी विक्रेत्याने करारातच गर्भितपणे स्वीकारलेली असते. ‘परवानगी मिळाली नाही’ असे म्हणणाऱ्या प्रतिवादीला म्हणून पहिला प्रश्न विचारायचा : अर्ज केव्हा केला?

कुटुंब हा दुसरा प्रश्न. सातबारावर एका भावाचे नाव असते, हिस्सा सगळ्यांचा असतो. महाराष्ट्राने 1994 मध्येच मुलींना सहदायाद केले, केंद्राने 2005 मध्ये. तरीही बहिणींच्या सह्या न घेता लिहिलेली साठेखते आजही रोज होतात. अशा वेळी घेणारा राहिलेल्या भागाबद्दलचे हक्क सोडून लिहून देणाऱ्याच्या हिश्श्यापुरती पूर्ती मागू शकतो, ती सोय कलम 12 मध्ये आहे. गोव्यात हा प्रश्न आणखी एका रूपाने येतो. तिथल्या कौटुंबिक कायद्याप्रमाणे पतिपत्नींची मालमत्ता सामाईक असते आणि स्थावर विकायला जोडीदाराची संमती लागते. एकट्या नवऱ्याची सही असलेला करार तिथे पायातच अधू असतो.

आणि सावकारीचा प्रश्न. अडलेल्या शेतकऱ्याला कर्ज द्यायचे आणि तारण म्हणून साठेखत लिहून घ्यायचे, हा प्रकार आपल्या ग्रामीण भागात जुना आहे. कागदावर तो विक्रीचा करार असतो, प्रत्यक्षात दोघांनाही ठाऊक असते की विक्री ठरलेलीच नाही. किंमत बाजारभावाच्या मानाने फारच कमी, ताबा शेतकऱ्याकडेच, आणि खरेदीखताला लांबलचक मुदत, ही त्याची लक्षणे. हा बचाव पुराव्याने सिद्ध झाला तर खरा करारच नव्हता म्हणून दावा फेटाळला जातो. 2014 च्या महाराष्ट्र सावकारी अधिनियमाचे कलम 18 सावकाराने घेतलेली मिळकत परत देण्याची वाट दाखवते. दिलेला शब्द पाळायला लावणारा कायदा, न दिलेला शब्द लादण्यासाठी वापरला जाऊ नये. या शाखेत काम करणाऱ्या प्रत्येकाने ही जबाबदारी आपली मानावी.

दाव्याच्या मांडणीबद्दल थोडक्यात, कारण सर्वाधिक नुकसान इथेच होते. मुदत तीन वर्षांची. करारात पूर्तीची तारीख असेल तर त्या तारखेपासून, नसेल तर नकार कळल्यापासून. ‘मोजणी झाल्यावर’ किंवा ‘नावे कमी झाल्यावर’ ही तारीख नव्हे. 2009 मध्ये तीन न्यायाधीशांच्या पीठाने तारीख म्हणजे निश्चित दिनांक असे ठरवले. विक्रेत्याने करार रद्द केल्याची नोटीस दिली असेल तर ती बेकायदा ठरवून मागावे, हा 2013 च्या निकालाचा धडा. नुसता मनाई हुकूम मागणारा दावा आधी लावला आणि पूर्तीची मागणी मागे ठेवली, तर नंतरचा पूर्तीचा दावा अडचणीत येऊ शकतो. ताबा मागावा, वाटप लागत असेल तर तेही मागावे, आणि पर्यायाने विसाराची रक्कम परत मागावी. कलम 22 प्रमाणे न मागितलेली विसाराची परतफेड मिळत नाही, मात्र दावा कोणत्याही टप्प्यावर दुरुस्त करून ती मागता येते. महाराष्ट्रात कोर्ट फी ठरलेल्या मोबदल्यावर लागते, याचा हिशेब अशिलाला आधीच द्यावा.

हुकूमनामा झाला म्हणजे काम संपले असे समजू नये. हुकूमनाम्याने मालकी येत नाही, खरेदीखताने येते. न्यायालयाने दिलेल्या मुदतीत रक्कम भरली नाही, तर कलम 28 प्रमाणे विक्रेता त्याच दाव्यात करार रद्द करून मागू शकतो; मुदतवाढीचा अधिकार न्यायालयाकडे असतो, पण तो गृहीत धरायचा नसतो. विक्रेता खत करून द्यायला आलाच नाही तर बारा वर्षांच्या आत दरखास्त दाखल करता येते. वादी खताचा मसुदा देतो, त्यावर हरकती ऐकल्या जातात, आणि मग विक्रेत्याच्या वतीने न्यायालयच सही करते. नकार देणाऱ्या माणसाच्या नावाने न्यायव्यवस्था स्वतः सही करते, यात या शाखेचे सारे सामर्थ्य आहे. ते इतके मोठे आहे म्हणूनच ते मिळवण्याची वाट इतकी अरुंद ठेवली आहे.

या शाखेवर इंग्रजीत समृद्ध वाङ्मय आहे. मुंबईचे दिनशा फरदुनजी मुल्ला यांनी सर फ्रेडरिक पोलॉक यांच्यासह लिहिलेला ग्रंथ शतकाहून अधिक काळ वकिलांच्या टेबलावर आहे. पण आपली साठेखते मराठीत लिहिली जातात, विसारपावत्या मराठीत असतात, साक्षी मराठीत होतात, आणि 1998 पासून मराठी ही महाराष्ट्रातल्या दुय्यम न्यायालयांची भाषा आहे. ज्या भाषेत शब्द दिला गेला, त्याच भाषेत त्याचा कायदा नीट समजावून सांगता आला पाहिजे. लिहून देणाऱ्याला आणि लिहून घेणाऱ्याला सही करण्यापूर्वीच कळले पाहिजे की आपण कशाला बांधले जात आहोत.

अभ्यासाची पद्धत म्हणून एवढे सुचवावेसे वाटते. अधिनियमाची कलमे 10, 12, 16, 19, 20, 21, 22 आणि 28 आधी वाचावीत, दुरुस्तीपूर्वीची आणि नंतरची शेजारी ठेवून. मग वर सांगितलेले निकाल मुळातून वाचावेत, सारांशावर भिस्त ठेवू नये. कारण या शाखेत तत्त्व एकच असते आणि निकाल तथ्यांवर फिरतो. प्रत्येक निकालात वादीने कोणत्या तारखेला काय केले, याची यादी स्वतः करावी. त्यानंतर जवळच्या दिवाणी न्यायालयात बसून एका तरी वादीचा उलटतपास पूर्ण ऐकावा.

2018 नंतरच्या करारांवरचे दावे आता एकेक करून पुराव्याच्या आणि युक्तिवादाच्या टप्प्यावर येत आहेत. स्वेच्छाधिकार काढल्यावर न्यायबुद्धीला किती जागा उरली, वाढलेल्या भावाचा भार कोणी सोसायचा, वादीची तयारी किती काटेकोरपणे मोजायची, हे प्रश्न अजून मोकळे आहेत. त्यांची उत्तरे जिल्हा न्यायालयांतल्या साध्या दाव्यांतून, चांगल्या तऱ्हेने नोंदवलेल्या साक्षींतून आणि प्रामाणिक युक्तिवादांतून घडणार आहेत. ज्यांनी हे पुस्तक उघडले आहे, त्यांच्याकडून त्या घडणीत वाटा उचलला जावा, ही अपेक्षा आहे. आणि त्या कामासाठी त्यांचे मनःपूर्वक स्वागत.